बिल टेबलावर आहे

सगळा जन्म ठाण्यात काढूनही बाबांनी तलावपाळी नीट पाहिली असेल असं मला वाटत नाही. रोज संध्याकाळी फेरी मारतात, पण नजर कायम पायाखाली. मधेच थांबतात, चपलेच्या टोकाने एखादा पेव्हर ब्लॉक दाबतात आणि तो 'टक्' करून हलला की माझ्याकडे बघून म्हणतात, "वाजतोय." मागून येणारी माणसं आम्हाला धडकतात, मी सॉरी सॉरी म्हणत राहते.

बाबा तीस वर्षं ठेकेदार होते. कागदावर कंत्राटदार, बोलण्यात ठेकेदार आणि आईच्या माहेरी 'बिल्डर', कारण तिथे कुणाला फरक कळायचा नाही. बिल्डर बुकिंगचे पैसे आधी घेतो. बाबांचं काम म्हणजे गटारं, फुटपाथ, शाळेच्या कुंपणभिंती, सार्वजनिक शौचालयांची दुरुस्ती. इथे आधी काम, मग पैसे. मग म्हणजे कधी, ते कुणी सांगत नाही.

ज्या महापालिकेची ही कामं, तिचं नाव लिहीत नाही. ठाणे जिल्ह्यात सहा महापालिका आहेत, त्यांतली एक समजा. आमच्या बिलातून कापून ठेवलेली अनामत अजून त्यांच्याकडे आहे, एवढं कारण पुरे.

२०१७ साली जीएसटी आला आणि बाबांनी सगळ्या फायली माझ्यापुढे आणून ठेवल्या. मी वागळे इस्टेटमधल्या एका कंपनीत हिशोब बघते, तेव्हा घरचेही तूच बघ, असा सरळ न्याय. तोवर घरचा हिशोब दोन ठिकाणी असायचा. बाबांच्या फायलींत येणं आणि आईच्या वहीत देणं. आईची वही म्हणजे शाळेची दोनशेपानी, वर खाकी कव्हर. तिच्यात हार्डवेअरवाला, खडीवाला, टेम्पोवाला आणि सगळ्यांत जास्त पानं मामांची.

मामा म्हणजे आमचे मुकादम. जालना जिल्ह्यात परतूरकडचे. मी शाळेत होते तेव्हापासून येतात म्हणून मामा. ते बाबांना शेठ म्हणतात, आईला वहिनी. त्यांच्या टोळीत आठ-दहा माणसं, काही जोडपी, सगळी तिकडचीच. या लोकांच्या पैशाला दोन शब्द आहेत आणि दोन्ही मी लहानपणीच शिकले. दर आठवड्याला मिळते ती खर्ची : भाजी, तेल, मोबाइलचं रिचार्ज, पोराची खोकल्याची बाटली एवढ्यापुरती. आणि गावी निघताना होतो तो हिशोब. केलेल्या कामाच्या मोलातून खर्ची वजा करून उरलेलं. घर, लग्न, बी-बियाणं सगळं हिशोबावर. खर्ची चुकली तर सोमवारी टोळी दुसऱ्या नाक्यावर उभी राहते, म्हणून ती कधी चुकत नाही. हिशोब मात्र लांबतो.

मला ज्या कामाबद्दल सांगायचंय ते २०२२चं. एका गल्लीत १८० मीटर गटार आणि त्याच्या कडेने दीड मीटर रुंद फुटपाथ. अंदाजपत्रक १४ लाख ६० हजारांचं. बाबांनी निविदा भरली ती १८ टक्के कमी दराने, म्हणजे ११ लाख ९७ हजार २०० रुपये. तेव्हा मी विचारलं होतं, "बाबा, सरकारी दरसूचीपेक्षा १८ टक्के कमी, वर पैसे वर्षाने. परवडतं कसं?" बाबा चहा बशीत ओतत म्हणाले, "परवडवायचं असतं." मी तो विनोद समजले.

कार्यादेश फेब्रुवारीत निघाला, काम मेअखेर संपलं. पावसाच्या आधी गटार संपवायचंच असतं, त्यात सवलत नाही. जूनमध्ये कनिष्ठ अभियंता टेप घेऊन आला, मामांनी टेपचं दुसरं टोक धरलं, मोजमाप झालं. पण ते एमबीत चढायला हवं. एमबी म्हणजे मोजमाप पुस्तिका. तुमचं गटार जमिनीत कितीही खरं असो, एमबीत भरलं जाईपर्यंत ते झालेलंच नसतं. कनिष्ठ अभियंत्याने भरायची, उपअभियंत्याने तपासायची, कार्यकारी अभियंत्याने सही करायची. बाबा उपअभियंत्यांना रावसाहेब म्हणत आणि टेबलावरच्या क्लार्कना भाऊसाहेब. त्या वर्षी रावसाहेबांची बदली झाली, नवे रावसाहेब रजेवर होते, एमबी कपाटात. भरून सही होईपर्यंत ऑगस्ट उजाडला.

या दोन महिन्यांत एक गंमत झाली. गंमत म्हणायची सवय लागली आहे आम्हाला. १८ जुलै २०२२पासून सरकारी आणि स्थानिक संस्थांच्या बांधकाम कंत्राटांवरचा जीएसटी १२ टक्क्यांवरून १८ झाला. काम आधी झालेलं असलं, तरी बीजक आणि पैसे दोन्ही नंतरचे असतील तर नवा दर, असा नियम. एमबी जूनमध्ये भरली असती तर आमचं बीजक जूनचं झालं असतं. आता मी १८ टक्क्यांनी बीजक काढलं आणि कार्यालयातली मंजुरी १२ टक्क्यांची. फरक ७१ हजार ८३२ रुपयांचा. "वाढीव जीएसटीची वेगळी मंजुरी घ्यावी लागेल," भाऊसाहेब म्हणाले. म्हणजे नवीन फाइल. त्यांच्याच कपाटात राहिलेल्या पुस्तकामुळे वाढलेला कर, आणि त्याची मंजुरी मागायला अर्ज आम्ही करायचा, तोही 'विनंती अर्ज'.

तिथून पुढचं मी तारीखवार लिहिलं तर तुम्ही वाचणं सोडाल. लेखा विभागाने त्रुटी काढली : खडी-मुरमाच्या रॉयल्टीच्या पावत्या कमी. दिल्या. मग क्यूबचा, म्हणजे काँक्रीटच्या ठोकळ्याच्या मजबुतीचा, २८ दिवसांचा अहवाल दिसत नाही. तो आतच होता, दुसऱ्या कामाच्या फायलीला टाचलेला. मग फोटोंवर तारीख नाही. तारीख असलेले दिले. त्रुटी काढायला माझी हरकत नाही, माझाही तोच धंदा आहे. पण चांगला हिशोबनीस सगळ्या त्रुटी एका कागदावर काढतो. इथे एकेक काढायचे, पंधरा-पंधरा दिवसांनी, चणे खावेत तसे.

या सगळ्या काळात फोनवर मिळणारी उत्तरं तीनच. 'फाइल वर गेलीय.' 'बिल टेबलावर आहे.' आणि शेवटच्या टप्प्यावर, 'बिल तयार आहे, निधी नाही.' टक्केवारीबद्दल काहीच लिहिलं नाही तर लबाडी होईल, म्हणून एवढंच लिहिते की आईच्या वहीत एक पान बिननावाचं आहे. त्यावर फक्त रकमा आहेत.

'निधी नाही' म्हणजे नक्की काय, हे मला लेखा विभागातल्या निवृत्तीला आलेल्या एका भाऊसाहेबांनी समजावलं. दुपारची वेळ होती, डबा उघडलेला होता, आणि मीही कारकुनी जातीचीच आहे हे त्यांना एव्हाना कळलं होतं. म्हणाले, "ताई, जकात होती तेव्हा रोज रात्री नाक्यावरून पैसा यायचा. रोजचा रोख. साहेबांच्या मनात आलं तर उद्या दहा बिलं निघायची." मग जकात गेली, एलबीटी म्हणजे स्थानिक संस्था कर आला, १ ऑगस्ट २०१५पासून तोही ५० कोटींच्या आतल्या उलाढालीला माफ झाला, १ जुलै २०१७पासून जीएसटी. आता सरकारकडून महिन्याला ठरलेलं अनुदान येतं. त्यातून आधी पगार, मग पेन्शन, वीजबिल, पाण्याचं बिल, कर्जाचे हप्ते. "शेवटी राहिलात तुम्ही," असं म्हणून त्यांनी मला लोणच्याची फोड दिली.

आणि आम्ही शेवटी राहणार हे आधीच ठरलेलं असतं. अंदाजपत्रकात उत्पन्न फुगवून धरायचं, त्या फुगवट्यावर कामं मंजूर करायची, मग वसुली कमी पडते पण कामं झालेली असतात. या न दिलेल्या पैशाला महापालिकेच्या भाषेत 'दायित्व' म्हणतात. काय भारदस्त शब्द आहे. आईच्या वहीत त्यालाच 'बाकी' म्हटलंय. बँक कर्ज देताना तारण मागते, व्याज लावते, तारीख ठरवते. आमच्याकडून महापालिकेने कर्जच घेतलं होतं, यातलं काहीही न करता. आणि ते द्यायला बाबांनी खऱ्या बँकेकडून ओव्हरड्राफ्ट घेतला होता, आठ लाख, १४ टक्क्यांनी. आईच्या पाटल्या वेगळ्या.

नगरसेवकाकडे जावं तर तेव्हा नगरसेवक नव्हते. मुदती संपलेल्या, निवडणुका लांबलेल्या, जिल्ह्यातल्या सगळ्या महापालिकांवर प्रशासक. त्या निवडणुका झाल्या १५ जानेवारी २०२६ला. नगरसेवक असताना बिल लवकर निघायचं असं नाही, पण निदान ओरडायला एक दार होतं.

कायद्याचं मी बाबांना एकदा मोठ्या उत्साहाने सांगितलं. २००६च्या सूक्ष्म, लघु उद्योगांच्या कायद्यात लिहिलंय की घेणाऱ्याने जास्तीत जास्त ४५ दिवसांत पैसे द्यायचे, नाहीतर बँक दराच्या तिप्पट व्याज, तेही दरमहा चक्रवाढ. बाबांचे डोळे चमकले. मग मी पुढचं वाचलं : बांधकामाच्या कंत्राटाला हा कायदा लागतो का, यावरच न्यायालयांत वर्षानुवर्षं वाद. मुंबई उच्च न्यायालयाचे लागत नाही असे निकालही आहेत. डोळे परत चहात गेले. खरी थट्टा २०२३-२४पासून सुरू झाली. आयकरात नवीन कलम आलं की तुम्ही एखाद्या छोट्या उत्पादकाचे पैसे ४५ दिवसांत दिले नाहीत, तर तो खर्च प्रत्यक्ष पैसे द्याल त्याच वर्षी धरता येईल, आधी नाही. आम्हाला पेव्हर ब्लॉक देणारा असाच छोटा कारखानदार. म्हणजे महापालिकेने आम्हाला दीड वर्षाने दिलं तरी चालेल, आम्ही त्याला दीड महिन्यात द्यायचं. त्याचे पैसे वेळेत मिळावेत हे मला मनापासून पटतं. फक्त ही साखळी आमच्यापासून सुरू का होते, ते कळत नाही.

पैसे आले ऑक्टोबर २०२३मध्ये. काम संपल्यापासून सतरा महिन्यांनी, एमबीवर सही झाल्यापासून चौदा. आयकराचा एक टक्का, जीएसटी टीडीएसचे दोन, कामगार उपकराचा एक आणि अनामत पाच टक्के, असं सगळं कापून. वाढीव जीएसटीची फाइल तेव्हाही वर गेलेली होती.

त्या संध्याकाळी डायनिंग टेबलावर बसून मी यादी केली, कुणाला किती. आधी बँक, कारण ती थांबत नाही. मग काँक्रीटवाला, कारण पुढच्या कामाला त्याने गाडी पाठवली नसती. पेव्हरवाला, कारण वर सांगितलेलं कलम जुन्या बिलाला लागत नसलं तरी त्याचा धाक होताच. हार्डवेअरवाला, कारण त्याचं दुकान आमच्या गल्लीच्या तोंडावर आहे आणि येता-जाता तोंड चुकवावं लागतं. टेम्पो. पाटल्या आईनेच "राहू देत, पुढच्या वेळी" म्हणून मागे ठेवल्या. सगळ्यात शेवटी मामांचे ४१ हजार ५००.

"यातले वीस देऊ आता," बाबा म्हणाले. "मुकादम थांबेल. घरचा माणूस आहे."

मी वीस लिहिले. माझ्याच अक्षरात आहेत. लेखा विभागातल्या डब्यावर मला जी क्रमवारी ऐकवली होती, तीच मी घरात, तेवढ्याच निर्मळ मनाने लावली. पगार, पेन्शन, वीज, हप्ते, आणि शेवटी राहिलात तुम्ही.

मामा काही बोलले नाहीत. दिवाळीत त्यांनी व्हॉट्सॲपवर एक फोटो पाठवला, खाली एक अक्षर नाही. गावच्या घराचा. भिंती उभ्या, स्लॅब नाही. कॉलमच्या सळया आकाशाकडे निघालेल्या आणि एका सळीपासून दुसऱ्या सळीला दोरी बांधून मामींनी कपडे वाळत घातलेले. ज्याने आमची सगळी स्लॅबं टाकली त्याच्याच घराची ही गत.

जुलै २०२५मध्ये सांगली जिल्ह्यातल्या एका तरुण ठेकेदाराने जीव दिला. जलजीवन मिशनचं काम केलं होतं, पैसे अडकले होते. बातम्यांत कंत्राटदार संघटनांनी राज्यभरातल्या थकबाकीचा आकडा सांगितला, सुमारे ८९ हजार कोटी. सरकारी बाजूने उत्तर आलं की तो आमचा थेट कंत्राटदार नव्हता, उपकंत्राटदार होता, त्याचं कुठलंही बिल आमच्याकडे प्रलंबित नाही. बाबांनी टीव्ही बंद केला. बराच वेळ कुणी बोललं नाही. मग आई स्वयंपाकघरातून म्हणाली, "आपल्या मुकादमांचं तरी बिल कुठे कुणाकडे प्रलंबित आहे?"

ती असं मधूनच बोलते. मी त्या ८९ हजार कोटींच्या आकड्याकडे तेव्हापासून वेगळ्या नजरेने बघते. तो आकडा बाबांपर्यंत येऊन थांबतो. उशीर मात्र बाबांना ओलांडून खाली जातो, परतूरच्या त्या सळयांपर्यंत, आणि त्याची नोंद असते ती फक्त दोनशेपानी वहीत.

आता अनामतीचं. पाच टक्के म्हणजे ५९ हजार ८६० रुपये, तीन वर्षांच्या दोष दायित्व कालावधीनंतर परत; तोवर काम बिघडलं तर दुरुस्ती आमची. मे २०२५ला ती तीन वर्षं संपली. जूनमध्ये अर्ज केला. उत्तर आलं, संयुक्त पाहणी करू. पाहणीला सप्टेंबर लागला आणि पाहणीत निघालं की फुटपाथ एका ठिकाणी खचलाय, दुरुस्त करून द्या. बाबा चिडले. तो भाग गॅसच्या पाइपसाठी कुणीतरी उकरला होता आणि माती ढकलून वर ब्लॉक नुसते मांडून ठेवले होते. पण ते सिद्ध करायला आणखी एक विनंती अर्ज. "त्यापेक्षा करून टाकू," बाबा म्हणाले आणि मामांना फोन लावला. बाबांनी धंदा बंद केल्यापासून मामा घोडबंदरला एका दुसऱ्या ठेकेदाराकडे जातात.

नोव्हेंबरातल्या एका रविवारी आम्ही तिथे गेलो. मी सहसा साइटवर जात नाही, त्या दिवशी फोटो काढायला गेले, तारीखवाले. मामा आणि त्यांचा पुतण्या आधीच पोचले होते. नमस्कार झाले, मामींची चौकशी झाली. मामांनी पहारीने पहिला ब्लॉक उचलला, मग भराभर बाकीचे, धूळ झटकून ओळीने रचले. खालची भुसभुशीत माती काढल्यावर चर उघडा पडला, गुडघाभर खोल. पाइपवाल्यांनी कटरने कापलेला, त्यामुळे बाजू सरळ. फुटपाथचं पोट दिसत होतं. वर ब्लॉकची जागा, त्याखाली ग्रीटची बारीक खडी, त्याखाली काँक्रीटचा करडा पट्टा, मग मुरूम.

तो पट्टा एमबीत १०० मिलिमीटरचा आहे. मला पाठ होतं, बीजक मीच केलं होतं. मी उकिडवी बसले आणि हाताची बोटं आडवी करून पट्ट्यावर धरली. चार बोटं झाकली जाऊन थोडं काँक्रीट उरायला हवं होतं. तिसऱ्या बोटापाशीच मुरूम लागला.

डोक्यात आपोआप गणित झालं, तो माझा आजारच आहे. १८० मीटर, दीड मीटर, सगळीकडे असंच असेल तर साधारण ४५ मिलिमीटर कमी. बारा घनमीटर. सहा-सहाच्या दोन मिक्सर गाड्या, ज्या त्या गल्लीत कधी आल्याच नाहीत. त्यांचा खर्च ओव्हरड्राफ्टच्या चौदा महिन्यांच्या व्याजापेक्षा कमीच भरत होता. म्हणजे बाबांनी उशिराचं व्याज आधीच कापून घेतलं होतं, आणि तेही पूर्ण नाही. बीजक पूर्ण जाडीचं लावलं ते मी. एमबीवर तीन सह्या आहेत. टेपचं टोक मामांनी धरलं होतं.

मान वर केली तर बाबा माझ्या बोटांकडेच बघत होते. मग मामांकडे बघत म्हणाले, "गटारात कमी नाही केलं हां. एक इंच नाही."

"गटारात कसं करणार शेठ," मामा म्हणाले. "तुंबलं असतं ना."

बाबांनी त्या दिवशी काँक्रीट हाताने कालवून घेतलं, सिमेंटच्या चार गोणी. स्वतः लेव्हल बघितली. एवढ्याशा चराला चार गोणी फार झाल्या, हे तिथे उभ्या असलेल्या चौघांनाही दिसत होतं. कुणी काही म्हणालं नाही. ग्रीट पसरून ब्लॉक बसवले, रबरी हातोडीने ठोकले आणि बाबा त्यांच्यावरून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत चालून आले. एकही वाजला नाही. तीन फुटांवर, आम्ही न काढलेल्या भागातला एक वाजला. बाबा तिथे जरा थांबले, मग पुढे गेले.

निघताना मी पाकीट काढलं. मामांनी पुतण्याची आणि स्वतःची मिळून हजार रुपये खर्ची घेतली. मी म्हटलं, "मामा, मागचे एकवीस हजार पाचशे पण आहेत. अनामत सुटली की..."

"सुटू दे की ताई," पहार खांद्यावर टाकत मामा म्हणाले. "वहिनींना सांगा, आजचे हजार लिहून ठेवायला."

आईने लिहिले. तारीख, मामांचं नाव, खर्ची १०००. बाकीच्या रकान्यात तिने पेन टेकवलं आणि मला विचारलं, "आजच्या कामाचं मोल किती धरायचं गं?"